आर्सोल : हे नाव कसं तयार झालं आणि ते नक्की काय सांगतं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा की एका यादीत ‘१एच-आर्सोल’ असं नाव दिसलं, शेवटी ‘ओल’ आहे म्हणून ते आर्सेनिकचं अल्कोहोल असेल असं वाटलं, मग दुसरीकडे त्यालाच आर्सेनोल म्हटलेलं दिसलं, तिसरीकडे आर्सासायक्लोपेंटाडाईन, आणि वर कुणीतरी सांगितलं की असलं काही कंपाउंड नसतंच, इंग्रजी कानाला ते एका शिवीसारखं ऐकू येतं म्हणून केमिस्ट लोकांनी थट्टेत पसरवलेलं नाव आहे. तर यातलं खरं काय.

मी बरीच वर्षं फॉस्फरस आणि आर्सेनिकच्या रिंगवाल्या कंपाउंडवर काम करतोय आणि या कामात निम्मा वेळ नावं तपासण्यातच जातो, कारण एका कॅटलॉगमध्ये एक नाव, जुन्या पेपरात दुसरं आणि डेटाबेसमध्ये तिसरंच. म्हणून आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. तुम्ही विचारताय एक प्रश्न पण त्यात तीन मिसळलेत. नावावरून स्ट्रक्चर कळतं का, ते कंपाउंड खरोखर बनवता आलंय का, आणि नावावरून ते किती विषारी किंवा किती टिकाऊ हे कळतं का. पहिल्याचं उत्तर हो, अगदी पूर्ण कळतं. दुसऱ्याचं उत्तर थोडं अडखळत द्यावं लागतं. तिसऱ्याचं उत्तर नाही, आणि बहुतेकांचा घोटाळा इथेच होतो.

आधी नावच सोडवू. हे नाव हान्च-विडमान पद्धतीचं आहे. हान्च आणि विडमान या दोघा केमिस्टांनी वेगवेगळी, १८८७-८८ च्या सुमारास, कार्बनशिवाय दुसरा ॲटम असलेल्या रिंगांना नियमाने नाव द्यायची कल्पना मांडली, पुढे आययूपॅकने, म्हणजे रसायनांच्या नावांचे नियम ठरवणाऱ्या जागतिक संस्थेने, ती घासूनपुसून नियमावलीत घेतली. कल्पना सोपी आहे. रिंगमधला कार्बन नसलेला ॲटम कोणता ते नावाच्या सुरुवातीला, रिंग किती ॲटमची आणि तिच्यात डबल बॉण्ड आहेत का ते शेवटाला. ऑक्सिजन असेल तर ऑक्सा, सल्फर असेल तर थाया, नायट्रोजन असेल तर ॲझा, फॉस्फरसला फॉस्फा, आर्सेनिकला आर्सा, अँटिमनीला स्टिबा. आणि पाच ॲटमची रिंग, तिच्यात बसतील तेवढे सगळे डबल बॉण्ड, याला शेवट ‘ओल’. आर्सा अधिक ओल. आपल्या संधीत आ आणि ओ मिळून औ होईल, इथे तसं नाही, पुढे स्वर आला की आधीचा आ सरळ गळतो. म्हणून आर्सोल. कुणी थट्टा म्हणून ठेवलेलं नाही, नियमात दोन तुकडे घातले की हेच बाहेर पडतं, दुसरं काही पडूच शकत नाही.

हाच नियम तुम्ही औषधांच्या नावात रोज बघता. फ्लुकोनाझोल, ओमेप्राझोल, यातला ‘अझोल’ म्हणजे ॲझा अधिक ओल, पाच ॲटमची रिंग आणि तिच्यात नायट्रोजन. फ्लुकोनाझोलमध्ये तसल्या रिंगेत तीन नायट्रोजन आहेत, ओमेप्राझोलमध्ये दोन, पण शेवट तोच.

आता अल्कोहोलचा घोटाळा. अल्कोहोलचा शेवट आणि रिंगचा हा शेवट रोमन लिपीत एका अक्षराने वेगळे आहेत, आपल्याकडे बोलताना मात्र दोन्ही एकात एक मिसळतात. मी माझ्यापुरता नियम केलाय की अल्कोहोल असेल तर ‘ऑल’ लिहायचं, जसं मेथॅनॉल, फिनॉल, आणि रिंग असेल तर ‘ओल’, जसं पायरोल, इंडोल, आर्सोल. सगळेच लोक हे पाळत नाहीत त्यामुळे नुसतं देवनागरी स्पेलिंग बघून ठरवू नका. आर्सोलमध्ये ऑक्सिजन नाहीच, मग अल्कोहोल कुठून असणार. आणि उलट बाजूनेही सावध राहा, ॲनिसोलचा शेवट ‘ओल’ आहे पण तो रिंगमधल्या वेगळ्या ॲटममुळे नाही, ते एक ईथर आहे आणि त्याचं नाव या नियमांच्या चौकटीतलं नाही.

हा ‘ओल’ आला कुठून याला एक धागा आहे. रुंगे नावाच्या जर्मन केमिस्टने १८३४ साली कोलटारमध्ये, म्हणजे दगडी कोळशाच्या डांबरात, एक पदार्थ ओळखला, हायड्रोक्लोरिक ॲसिडने ओली केलेली पाइनची ढलपी त्याच्या वाफेत धरली की लाल व्हायची. ग्रीकमधला लाल आणि लॅटिनमधलं तेल जोडून त्याचं नाव पायरोल झालं. म्हणजे मुळात ‘ओल’ म्हणजे तेल, रिंगशी काही संबंध नाही. पण पायरोल ही पाच ॲटमची रिंग निघाली आणि पुढे नियम करताना तोच शेवट पाचाच्या रिंगेला लावला गेला. आता पायरोलमधला नायट्रोजन काढून तिथे फॉस्फरस ठेवला की फॉस्फोल, आर्सेनिक ठेवला की आर्सोल, अँटिमनी ठेवला की स्टिबोल, बिस्मथ ठेवला की बिस्मोल. नियमाने पायरोलचं नाव ‘१एच-ॲझोल’ व्हायला हवं, पण तिचं जुनं नाव इतकं रुळलेलं की ते तसंच राहिलं. आर्सोलचं असं जुनं घरचं नाव नव्हतंच, म्हणून तिला नियमाचं नाव चिकटलं.

पुढचा भाग म्हणजे सुरुवातीचं ‘१एच’, आमच्याकडे नवीन येणारी मुलं यालाच सगळ्यात जास्त अडकतात. कागद घ्या आणि करून बघा. पंचकोन काढा, वरच्या टोकाला आर्सेनिक लिहा, त्याला नंबर १. मग घड्याळाच्या दिशेने २, ३, ४, ५ हे कार्बन. २-३ मध्ये डबल बॉण्ड, ४-५ मध्ये डबल बॉण्ड. कार्बनांचे चार-चार बॉण्ड भरायला प्रत्येकाला एक हायड्रोजन द्या. आर्सेनिकला तीन बॉण्ड लागतात, दोन रिंगमध्ये गेले, एक उरला, तिथे हायड्रोजन. तो उरलेला जास्तीचा हायड्रोजन १ नंबरवर आहे हे सांगायला ‘१एच’. एकूण चार कार्बन, पाच हायड्रोजन, एक आर्सेनिक, मॉलिक्युलर वजन साधारण १२८. आता तोच हायड्रोजन २ नंबरच्या कार्बनवर हलवा, तर आर्सेनिक आणि ५ नंबरच्या कार्बनमध्ये डबल बॉण्ड काढावा लागेल, आणि ते होईल ‘२एच-आर्सोल’. फॉर्म्युला तोच, कंपाउंड वेगळं. म्हणून यादीत ‘१एच’ लिहिलेलं असेल तर ते गाळायचं नाही.

आणि गंमत पुढे आहे. ‘१-फिनाइल-१एच-आर्सोल’ असं नाव आलं (इथे फिनाइल म्हणजे बेंझिनच्या सहा कार्बनांच्या रिंगचा गट) की मुलं विचारतात, आर्सेनिकवर फिनाइल पण आहे आणि हायड्रोजन पण? नाही. आधी १एच-आर्सोल ही चौकट ठरवायची, मग तिच्या १ नंबरवरचा हायड्रोजन काढून तिथे फिनाइल बसवायचा. ‘१एच’ कोणत्या चौकटीतून सुरुवात केली तेवढं सांगतो, शेवटी तो हायड्रोजन उरलाय असं सांगत नाही.

डबल बॉण्ड सगळे काढले तर शेवट बदलतो, ‘ओलेन’ होतो, म्हणजे आर्सोलेन. एकच डबल बॉण्ड ठेवला तर आता डायहायड्रोआर्सोल म्हणायचं, पण जुन्या पेपरांत याला आर्सोलीन हे वेगळं नाव दिसेल, तेव्हाच्या नियमात एका डबल बॉण्डसाठी वेगळा शेवट होता, नंतर तो काढून टाकला. म्हणून मी सुरुवातीलाच म्हटलं की कोणतं नाव ‘बरोबर’ हे तुम्ही कोणत्या काळातलं आणि कुठलं लिखाण वाचताय यावर आहे. आर्सेनोल हे जुन्या पद्धतीचं नाव, आर्सासायक्लोपेंटाडाईन हे दुसऱ्याच पद्धतीचं, म्हणजे सायक्लोपेंटाडाईन ही कार्बनची रिंग घ्यायची आणि एका कार्बनच्या जागी आर्सेनिक ठेवला असं ‘आर्सा’ लावून सांगायचं. तिन्ही एकाच रिंगकडे बोट दाखवतात. आज लिहायचं असेल तर आर्सोल लिहा, शोधायचं असेल तर तिन्ही टाका.

बेंझिनची रिंग चिकटलेली असेल तर नावं अजून वाढतात. एक बेंझिन चिकटलं तर बेंझार्सोल, त्यालाच आर्सिंडोल, इंडोलवरून. दोन चिकटली तर डायबेंझोआर्सोल, त्यालाच ९-आर्साफ्लुओरीन. इथे मराठीत वाचणाऱ्याला आणखी एक खड्डा आहे, हा फ्लुओरीन म्हणजे फ्लोरिन वायू नाही, ती तीन रिंगांची कार्बनी चौकट आहे, दोन्हींची देवनागरी जवळपास सारखीच होते.

नियम कसे परिस्थितीने वाकतात याचं मला आवडणारं उदाहरण सहाच्या रिंगचं आहे. नायट्रोजनवाल्या सहाच्या रिंगेला शेवट ‘ईन’. तोच आर्सेनिकला लावला तर आर्सा अधिक ईन, म्हणजे आर्सीन. पण आर्सीन हे नाव आधीच गेलेलं आहे, एक आर्सेनिक आणि तीन हायड्रोजन असा तो अत्यंत विषारी वायू, तांबड्या रक्तपेशी फोडणारा. एका नावाच्या दोन वस्तू, त्यातली एक अशी, हे चालण्यासारखं नव्हतं. म्हणून आधी आर्सेनीन असं वेगळं रूप वापरलं आणि नंतर नियमातच फॉस्फरस, आर्सेनिक वगैरेंसाठी ‘इनीन’ हा शेवट आला, म्हणून आर्सिनीन. कामावरचे लोक मात्र तिला आर्साबेंझिनच म्हणतात, बोलायला सोपं आणि ऐकणाऱ्याला लगेच चित्र दिसतं.

आता दुसरा प्रश्न, हे कंपाउंड आहे का. इथे उत्तर तुम्ही कशाला आर्सोल म्हणता त्यावर आहे. वर कागदावर काढलेली नुसती रिंग, सगळीकडे हायड्रोजन, ती शुद्ध करून बाटलीत भरल्याची नोंद नाही, तिच्याबद्दलचं बरंचसं ज्ञान कॅल्क्युलेशनमधून आलंय. पण त्याच रिंगवर फिनाइलसारखे मोठे गट लावलेले आर्सोल खरेखुरे आहेत, १९६० च्या सुमारास बनलेत. डायफिनाइलॲसिटिलीन आणि लिथियम घेतलं की चार कार्बनांची साखळी तयार होते, दोन्ही टोकांना लिथियम. तिच्यावर फिनाइलडायक्लोरोआर्सीन घातलं की दोन्ही टोकं आर्सेनिकला येऊन जोडली जातात, रिंग मिटते आणि मिळतो पेंटाफिनाइलआर्सोल. पुढे झिर्कोनियमच्या रिंगेतून झिर्कोनियम काढून त्या जागी आर्सेनिक बसवायची पद्धतही आली. जर्मनीत रेगेन्सबुर्गला मार्कल आणि हाउप्टमान यांनी १९८३ साली आर्सोलच्या रसायनावर पेपर छापला, त्याच्या शीर्षकात हा शब्द होता आणि इंग्रजी वाचकांमधला हशा तिथूनच जास्त पसरला. पण ते काम पूर्ण गंभीर आहे आणि आजही उपयोगी पडतं, त्यामुळे ‘थट्टा आहे’ म्हणणाऱ्याला हे नक्की सांगा.

तिसरा प्रश्न, नाव काय सांगत नाही. यादीत नुसती नावं असतात म्हणून लोक नावातून वागणूक काढायला जातात, तेव्हा इथे जरा थांबू. पायरोल आणि आर्सोल ही नावं शेजारीशेजारी ठेवली की वाटतं दोन्ही सारख्याच, फक्त ॲटम वेगळा. पायरोलची रिंग सपाट आहे, नायट्रोजनची लोन पेअर, म्हणजे बॉण्डमध्ये न अडकलेली इलेक्ट्रॉनची जोडी, रिंगमधल्या डबल बॉण्डांत छान मिसळते, म्हणून ती चांगली ॲरोमॅटिक, म्हणजे इलेक्ट्रॉन सगळ्या रिंगभर पसरल्यामुळे जास्त स्थिर. आर्सेनिक मोठा, पायरोलमधला कार्बन-नायट्रोजन बॉण्ड १.३७ अँगस्ट्रॉमचा (ॲटममधली अंतरं मोजायचं एकक) तर आर्सोलमधला कार्बन-आर्सेनिक बॉण्ड साधारण १.९५ चा, आणि आर्सेनिकची लोन पेअर स्वतःजवळच राहायला बघते. त्यामुळे आर्सेनिकवरचा गट रिंगच्या पातळीत न राहता बाहेर झुकतो, पिरॅमिडसारखा, आणि ॲरोमॅटिकपणा बराच कमी होतो. आणि गंमत बघा, आर्साबेंझिन, जी १९७१ साली ॲश यांनी बनवली, ती मात्र सपाट आणि चांगलीच ॲरोमॅटिक आहे, कारण तिथे लोन पेअरला रिंगमध्ये यावंच लागत नाही, आर्सेनिक डबल बॉण्डमधूनच एक इलेक्ट्रॉन देतो. दोन्ही आर्सेनिकच्याच रिंग, दोन्ही नियमातल्या नावाच्या, वागणं वेगळं.

विषारीपणाचंही तसंच. ‘आर्स’ दिसलं की सोमल आठवतो हे समजण्यासारखं आहे, शेवटी मूलद्रव्याचं नावच हरताळ या आर्सेनिकच्या पिवळ्या खनिजासाठीच्या जुन्या फारसी शब्दावरून ग्रीकमार्गे आलंय. पण आर्सीन वायू जीव घेतो आणि आर्सेनोबिटेन, जे १९७७ साली ऑस्ट्रेलियातल्या शेवंडीत सापडलं, ते शरीरातून जवळपास जसंच्या तसं लघवीवाटे निघून जातं, त्याला बिनविषारी धरतात. मग आर्सोल विषारी आहे का? प्रत्येक आर्सोलचं वेगळं तपासावं लागेल, आणि तपासलेलं नसेल तर आम्ही विषारीच धरून हूडमध्ये, म्हणजे वाफा ओढून घेणाऱ्या कपाटात, ग्लोव्ह घालून काम करतो, कचरा वेगळा ठेवतो. आणि बनवताना लागणारे क्लोरोआर्सीन तर नक्कीच घातक आहेत, त्यात शंका ठेवायची नाही.

नाव चुकीचं सांगू शकतं का? नियमाचं नाव तुम्ही काढलेल्या चित्राशी प्रामाणिक असतं, पण चित्रच चुकलेलं असेल तर नावही चुकतं. १८८१ साली मिखाएलिस यांनी एक कंपाउंड बनवलं, त्यात फिनाइल आणि आर्सेनिक एकास एक होते. ॲझोबेंझिनमध्ये दोन नायट्रोजन डबल बॉण्डने जोडलेले असतात, तसंच इथे दोन आर्सेनिक असतील असं धरून नाव पडलं आर्सेनोबेंझिन. पॉल एर्लिख आणि हाता यांचं सिफिलिसवरचं औषध साल्व्हर्सान, १९१० साली बाजारात आलं, त्याचंही चित्र असंच काढलं जायचं. पुढे क्ष-किरणांनी दिसलं की आर्सेनोबेंझिन म्हणजे सहा आर्सेनिकांची रिंग आहे, प्रत्येकावर एक फिनाइल, डबल बॉण्ड नाहीच. साल्व्हर्सानचं तर २००५ मध्ये दाखवलं गेलं की ते तीन आणि पाच आर्सेनिकांच्या रिंगांचं मिश्रण आहे. लाखो लोकांना दिलेल्या औषधाचं चित्र जवळपास शंभर वर्षं चुकीचं होतं आणि नाव ते चित्र घेऊन फिरत होतं.

आणि हीच सहा आर्सेनिकांची रिंग आज आर्सोल बनवायला वापरतात. क्योतोमधल्या नाका आणि इमोतो यांच्या ग्रुपने तिच्यावर आयोडीन घालून तिथल्या तिथे फिनाइलडायआयोडोआर्सीन तयार करून वापरलं, म्हणजे उडणारे क्लोरोआर्सीन हाताळायची वेळच येत नाही. त्यातून आलेले आर्सोल प्रकाश देणाऱ्या पदार्थांसाठी अभ्यासले जातात, कारण फॉस्फोलमधला फॉस्फरस हवेत लवकर ऑक्सिडाइज होतो, आर्सेनिक त्या मानाने टिकतो. माझ्या मते या रिंगचा खरा उपयोग इथे आहे आणि पुढची काही वर्षं तो वाढतच जाणार.

तुम्ही शेवटी विचारलं होतं की मेलार्सोप्रॉल या औषधात आर्सोल आहे का, कारण मधली अक्षरं जुळतात. औषधाचं नाव वेगळ्या पद्धतीने ठरतं, त्यात अक्षरं शोधून रिंग सापडत नाही. त्यातला शेवटचा ‘ऑल’ अल्कोहोलचा आहे, ओएच गट खरंच आहे. पण पाच ॲटमची आर्सेनिकवाली रिंगही त्यात आहेच, फक्त ती आर्सोल नाही. तिचं नाव १,३,२-डायथायार्सोलेन. आता हे तुम्हाला सोडवता येईल. डाय-थाया म्हणजे दोन सल्फर, मग आर्सा, मग ओलेन म्हणजे पाचाची रिंग आणि डबल बॉण्ड नाहीत. सल्फरचा मान आर्सेनिकच्या आधी म्हणून १ आणि ३ हे नंबर सल्फरांना, मधला २ आर्सेनिकला, उरलेले दोन कार्बन. दुसऱ्या महायुद्धात ऑक्सफर्डला पीटर्स यांच्या ग्रुपने लुइसाइट या आर्सेनिकच्या युद्धवायूवर उतारा शोधला, डायमरकॅप्रॉल, तो असाच चालतो, त्याचे दोन सल्फर आर्सेनिकला दोन्ही बाजूंनी धरतात आणि हीच रिंग मिटते, मग आर्सेनिकला शरीरातल्या एन्झाइमचे सल्फर पकडायला जागा उरत नाही. फ्रीडहाइम यांनी १९४९ मध्ये मेलार्सोप्रॉल केलं ते आर्सेनिकच्या औषधाला हा उतारा आधीच जोडून, स्लीपिंग सिकनेस या माशीच्या चाव्यातून पसरणाऱ्या आफ्रिकेतल्या रोगासाठी, तरीही ते बरंच विषारी राहिलं.

तुमच्या यादीतल्या बाकी नावांनाही असंच करा. आधी शेवट बघा, मग आर्साच्या मागेपुढे दुसरे कोणते ॲटम आहेत ते, मग नंबर, आणि कागदावर काढल्याशिवाय पुढे जाऊ नका. एखादं नाव काढताना बॉण्ड जुळत नसतील तर ते नाव इथेच लिहा, कोणत्या सालच्या लिखाणातलं आहे तेही सांगा, कारण बऱ्याचदा जुना शेवट असतो म्हणून अडतं.